साडूचा काळपट गूळ

डोक्यावर पाटी घेऊन मी गूळ विकायला सुरुवात केली आणि शिरूरात दुकान टाकलं, ते रंग पारखणाऱ्या नजरेच्या जोरावर. त्यामुळे दौंडकडं गुऱ्हाळ चालवणाऱ्या माझ्या साडूनं भर लग्नात, "पाव्हण्यांना रंग दिसंना झालाय," असं सांगितलं तेव्हा मी पंगतीतून उठलो. तो अपमान मी अजून सोडलेला नाही. सोडणारही नाही.

भांडण एवढंच, की त्याच्या ढेपा मला काळपट दिसायच्या आणि तो म्हणायचा पिवळ्याधमक. पिवळ्या गुळाला भाव जास्त, म्हणजे गडी मला गंडवतोय. त्याची टोपीसुद्धा मळकट दिसायची. "मेहुणीला साबण मिळत न्हाई का?" असं मी एकदा विचारलंही होतं.

शेवटी दुकानाच्या पायरीवर पडलो आणि बायकोनं डोळ्याच्या डॉक्टरकडं नेलं. मोतीबिंदू. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, वयाबरोबर डोळ्यातलं भिंग पिवळं पडतं, रंग मळकट होतात. पण ते इतकं सावकाश होतं की मेंदू जुळवून घेतो, माणसाला पत्ताच लागत नाही. म्हणजे माझ्याच मेंदूनं मला न विचारता तडजोड केली. मी जन्मात केली नाही!

उजव्या डोळ्याचं ऑपरेशन झालं. पट्टी निघाली तर दवाखान्याच्या पांढऱ्या भिंती निळीत बुडवल्यासारख्या. महिन्याभरानं गुऱ्हाळावर गेलो. उजव्या डोळ्यानं पाहिलं, ढेप सोन्यासारखी. डाव्यानं पाहिलं, तीच ढेप चहाच्या चोथ्यासारखी. टोपी पांढरीशुभ्र. मेहुणी निर्दोष.

मी हळूच उजवा डोळा मिटला. "काळपट हाय. भाव उतरवा."

"पाव्हणं, त्यो नवा डोळा उघडा की."

"पाणी येतंय त्यातनं. धूर किती केलाय!"

"डोळ्याचं ऑपरेशन झालं, खोडीचं ऱ्हायलं म्हणायचं."

चुलाणावर रस आटवणारी माणसं हसली. साडू म्हणाला, "ह्यांच्यासमोर एकदाच म्हणा, गूळ पिवळा हाय. मग तुम्ही म्हणाल त्यो भाव."

असा सौदा मला आयुष्यात कुणी दिला नव्हता. मी ढेपेकडं पाहिलं, त्याच्या तोंडाकडं पाहिलं. डोकं तापलं. पिवळ्या गुळाचा त्याचा पुरा भाव, एक पैसा न तोडता, त्याच्या हातावर ठेवला आणि "काळा गूळ, काळा गूळ" असं ओरडतच सगळा माल टेम्पोत भरून घेतला.