पडद्याशेजारचं स्टूल

सुधाकर बोलता बोलता गप्प झाला, तेव्हा आम्ही टाळ्या वाजवल्या. दोन महिने झाले, तो आवाज माझ्या कानांतून जात नाही.

चाकणच्या कंपनीत आम्ही दोघांनी टूलरूममध्ये वर्षानुवर्षं शेजारी काम केलं. तिथे एकदा स्पेनहून मशीन आलं आणि ते बसवायला आलेल्या म्हाताऱ्या इंजिनिअरशी सुधाकरची गट्टी जमली. जाताना त्याने आपल्या देशातल्या शंभर वर्षांपूर्वीच्या मूकपटांचा पेन ड्राइव्ह दिला आणि झालं, आमचा गडी वेडाच झाला. डिक्शनरी घेऊन स्पॅनिश शिकला. त्या काळी तिकडे म्हणे गच्चीवर रंगवलेले पडदे टांगायचे, उन्हाच्या भरवशावर नाट्य उभं करायचं, कॅमेऱ्याचं हँडल हाताने फिरवायचं... "राव, आपल्यासारखीच हातानं काम करणारी माणसं ती. बहुतेक रिळं जळून-कुजून गेली. उरलंय ते तरी कुणी बघायला नको?" असं म्हणत तो मोशीतल्या आमच्या सोसायटीच्या हॉलमध्ये रविवारी सकाळी खेळ लावायचा. मधेमधे येणाऱ्या संवादांच्या पाट्या स्पॅनिशमध्ये, म्हणून हा पडद्याशेजारी स्टुलावर बसून मराठीत सांगायचा. तिकडेही पूर्वी असा सांगणारा असायचा म्हणे. सांगायचा कसला, अंगात यायचं त्याच्या! नायिका रडली की याचा गळा दाटायचा.

त्या रविवारी कोळ्याच्या बायकोची गोष्ट होती. वादळ सुटलेलं, ती खडकावर उभी. "होडी आली, होडी..." म्हणता म्हणता सुधाकर थांबला. हात छातीवर. पडद्यावरची बाईही तशीच, छातीवर हात ठेवून. त्याच्या कपाळावरचा घाम मला दिसला होता. उठावं का, असं मनात आलंही. मग वाटलं, रंगात आलाय, कशाला मोडता घालायचा? पहिली टाळी मीच वाजवली. तो स्टुलावरून कलंडला, तेव्हा आम्हाला कळलं.

नंतर एकच प्रश्न मला छळत होता. ते थांबणं त्याने ठरवलेलं होतं का? असेल, तर मला कसं कळणार होतं? तेराव्यानंतर वहिनींनी, त्याच्या बायकोने, पाट्यांचं मराठी लिहिलेली त्याची वही माझ्या हातात दिली. "भाऊजी, अर्धा राहिलेला खेळ तुम्ही पुरा करा." होडीच्या पाटीपुढे त्याने लाल पेनाने लिहिलं होतं, 'इथे अजिबात थांबायचं नाही. एका दमात.'

गेल्या रविवारी मी त्या स्टुलावर बसलो. "होडी आली, होडी..." इथवर आलो आणि आवाजच फुटेना. टाळी कुणीच वाजवली नाही. पुढच्या रांगेतली माणसं खुर्च्या सरकवत धावत आली, कुणी दिवे लावले, वहिनींनी माझं मनगट घट्ट धरलं.

"बरंय मला," मी म्हणालो. "बसा सगळे."

कुणी बसलं नाही.