पुतणीचा शॉट आणि माझे बूट

नाशिकहून निघताना माझ्याकडे एकच काम होतं, गाडी चालवणं. पुतणी मनवा सिनेमाचा कॅमेरा सांभाळते. मालिकांचं बांधलेलं काम सोडून तिने हा छोटा सिनेमा धरला होता, तिच्या नावावरचा पहिलाच.

आळेफाट्याला मिसळ खाताना तिने बजावलं, "काका, दिग्दर्शक यायचा नाही, सगळं माझ्यावर आहे. आज एकच शॉट. मावळतीच्या उन्हात भाताची झोडणी. नायिका संध्याकाळी मुंबईला जाणार, परत मिळायची नाही."

मी मान डोलावून आणखी एक पाव मागवला.

डिंभे धरणापुढे रस्ता डोंगरात शिरला. वरच्या गावात बाकीच्यांनी मळणीला मशीन लावलेलं. हाताने झोडणाऱ्या एकट्या चिंधाबाईच उरल्या होत्या. त्यांनी आम्हाला आणि आधीच पोचलेल्या नायिकेला नाचणीची भाकरी आणि खुरासणीची (कारळ्याची) चटणी वाढली. मी तीन भाकरी खाल्ल्या, म्हणजे माझी झोडणी आधीच सुरू झाली होती.

ऊन तिरपं झालं. खळ्यात (मळणीच्या सारवलेल्या अंगणात) मनवा अनवाणी, खांद्यावर कॅमेरा. नायिकेने पेंढी उचलली. तेवढ्यात मला कडेला माझीच पाण्याची बाटली दिसली. शॉट बिघडायला नको म्हणून मी ती उचलायला खळ्यात धावलो.

"पावणं, पायात काय हाय?" चिंधाबाई शांतपणे म्हणाल्या.

बूट होते.

"रास पडंस्तोवर खळ्यात पायताण न्हाई घालत. आता सारवल्याबिगर पेंढी आपटायची न्हाई."

"वाळायला किती वेळ लागेल?"

"उद्या दुपार व्हईल."

नायिकेने घड्याळ पाहिलं. ध्वनिमुद्रण करणारा मनवाच्या कानात पुटपुटला, "ताई, दोनच पेंढ्या झोडू द्या म्हणा ना."

मनवाने मानेनेच नको म्हटलं. "मावशी, सारवताना शूट केलं तर चालेल? हिला शिकवाल?"

"शेणाचा कसला शिनेमा? कर बाई. पर शेण हे पावणं कालवतील."

मी बाह्या सरसावल्या. "लई घट झालं राव, पाणी वता," असं दोनदा ऐकून घेतलं. नायिका चिंधाबाईंच्या मागे हात फिरवत सरकत गेली आणि ओल्या जमिनीवर ऊन पसरत गेलं. मनवा श्वास रोखून होती. मीही, वेगळ्या कारणाने.

परतताना दिग्दर्शकाचा फोन आला. "झोडणी नाही मिळाली," मनवा म्हणाली, "चूक माझी. सारवणं घेतलंय, बघून ठरव."

"अगं, माझं नाव सांगायचं."

"कॅमेऱ्यासमोर कोण येतं ते बघणं माझं काम, काका."

लग्नकार्यात कुणी विचारलं, पोरगी काय करते, तर मी आजवर "फोटोबिटो काढते" म्हणायचो. आता सांगायला जरा वेळ लागेल.