जहाजवाला मालक

साल दोन हजार सात. मी एकोणसाठ वर्षांचा. लॉस एंजेलिसला मुलीकडे आलो, पण घरात बसून राहणारा मी नव्हे. दाभोळला होड्या बांधलेला हात. एका शेडमध्ये लाकडी जहाज बांधायला सुतार हवा होता, तिथे लागलो. जहाज सिनेमासाठी होतं आणि सिनेमा प्रौढांचा. नागडा म्हणा, मला लाज नाही.

शूटिंग सुरू झालं की सिनेमाचा मालक कॅमेऱ्याकडे आणि नटांकडे पाठ करून उभा राही. मागे काय चाललंय ते एकदाही बघत नसे. तळहात जहाजाच्या फळीवर. म्हणायचा, "ते कुणालाही जमतं. माझं जहाज डुगडुगता कामा नये."

मुलगी म्हणे, "बाबा, प्लीज, महाराष्ट्र मंडळाच्या पिकनिकला हे सांगू नका हं." तिथे कोणी "काका, सध्या काय करता?" विचारलं की मी सांगायचोच. समोरच्याचा घास हातातच राही.

मालकाचा हट्ट एकच. लोकांनी डिस्क विकत घेऊन कपाटात जपून ठेवावी, असा भारी सिनेमा. पहिल्या जहाजाच्या सिनेमाच्या डिस्क दुकानांकडे ट्रक भरभरून गेल्या. त्या धंद्यात दुकानात न खपलेला माल परत येई. पण मालकाने गेला तो खपला असं धरलं आणि शेड गहाण टाकून दुसरं, दुप्पट मोठं जहाज मांडलं. मी म्हटलं, "थांबा जरा. दुकानांचं कळू दे."

"अंकल, तू खिळे ठोक."

ठोकले. पण ऑफिसातला फोन वाजेनासा झाला. पॅकिंगच्या बायका एकेक करून यायच्या बंद झाल्या.

एका दुपारी ट्रक मागे मागे येत शेडला लागले. चाकं दबलेली. ड्रायव्हरने दार उघडलं, तर आत आमचेच खोके, वरची चिकटपट्टीही न कापलेली.

"आता विकत कोण घेतंय?" तो म्हणाला. "इंटरनेटवर फुकट दिसतंय सगळं."

गोदाम भरलं तरी एक ट्रक बाहेर उभाच. मालकाने उरलेले खोके नव्या जहाजात रचायला लावले. स्वतःही उचलत होता.

संध्याकाळी म्हणाला, "शेड बँक घेणार. सोमवारी मशीन येऊन जहाज पाडेल."

"मी बांधलेल्याला मशीनचा हात लागायचा नाही."

"मग पाडणार कोण?"

मी घरी गेलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला वर चढलो आणि डोलकाठीचा पहिला खिळा उपटला. खाली मालक शिडी धरून उभा होता.