कागदावरचा खाणकामगार

वालेर दांचा हा एका मेंढपाळाचा मुलगा. एकोणिसाव्या वर्षी तो जिऊ नदीच्या खोऱ्यातल्या एका कोळसा खाणीच्या फुटबॉल संघात आला आणि सहा हंगामांत त्याने ऐंशीच्या वर गोल केले. डावा पाय असा की गोलरक्षक हलायच्या आधी चेंडू जाळीत. पगार खाण देई. कागदोपत्री तो जमिनीखाली कोळसा फोडणारा कामगार होता, पण खाणीच्या फाटकापाशीही तो कधी फिरकला नव्हता. संघातले सगळेच तसे. ही गोष्ट साऱ्या खोऱ्याला ठाऊक होती, म्हणून तिच्याविषयी कुणी बोलत नसे.

एकोणीसशे चोपन्न सालच्या शरद ऋतूत राष्ट्रीय संघाच्या व्हिएन्ना दौऱ्यासाठी त्याची निवड झाली. त्याची बायको लुक्रेत्सिया हिने उसना कोट आणून बाह्या आखूड केल्या. निघायला दहा दिवस उरले असताना खाणीच्या संघाच्या चिटणिसाने त्याला बोलावलं.

"दार लावून घे. तू जात नाहीस."

"का? पाय तर ठीक आहे माझा."

"पायाचं कुणी विचारलंय! तुझ्याबद्दल लेखी आलंय."

"कुणाकडून?"

"रोज तुझ्यावर नजर असते अशा माणसाकडून. आणि हे मी तुला सांगितलेलं नाही."

वालेर घरी आला. समोरचा मक्याच्या पिठाचा मामालिगा निवून कडक झाला तरी त्याने हात लावला नाही. रोज नजर असणारा कोण? सगळ्यांची तोंडं आठवून झाली आणि तो एकाच नावाशी थांबला. इम्रे फाझाकाश.

इम्रे डाव्या बगलेवर खेळे. वालेरचे निम्म्याहून जास्त गोल इम्रेने पुढे सरकवलेल्या चेंडूवर झालेले. बाहेरगावी दोघं एकाच खोलीत निजत. ऑगस्टमध्ये अशाच एका खोलीत, फाटके बूट शिवता शिवता, वालेर बोलून गेला होता, "व्हिएन्नात चांगले बूट मिळाले ना इम्री, तर मी तिथंच राहीन बघ." इम्रे खो खो हसला होता. देश सोडून पळायचा बेत म्हणून ते वर कळवता आलं असतं, आणि तिसरं कुणी तिथं नव्हतं.

"तोंडावर विचार ना त्याला," लुक्रेत्सिया म्हणाली.

"विचारू? म्हणजे मला कळलंय हे तो आणखी लिहून देईल."

त्या दिवसापासून तो इम्रेशी हवापाण्यापलीकडे बोलेनासा झाला. आंघोळीच्या खोलीत इम्रे शिट्टी वाजवी, तीही याला खुणेची वाटे. इम्रेने नवी टोपी घेतली, तर ती कशाचं बक्षीस असा याला प्रश्न. आणि मैदानात तो इम्रेकडे चेंडू देईना.

नोव्हेंबरच्या शेवटच्या सामन्यात बरोबरी झाली असती तरी संघ पहिल्या श्रेणीत टिकला असता. तीन मिनिटं उरली होती, एक गोल कमी होता. वालेर चेंडू घेऊन घुसला. डावीकडे इम्रे एकटा, समोर मोकळी जाळी.

"वाली! इकडे!"

वालेरने मान वळवली, त्याला बघितलं, आणि अवघड कोनातून स्वतःच मारला. चेंडू जाळीच्या बाहेरच्या अंगाला लागला.

शिट्टी झाल्यावर इम्रे त्याच्याजवळ आला. "मी दिसलो नाही तुला?"

"दिसलास. म्हणूनच नाही दिला."

संघ दुसऱ्या श्रेणीत गेला. खाणीचा साहेब चिडला; दुसऱ्या श्रेणीच्या पोरांनी कोळसा फोडावा, खेळायचं तर रविवारी खेळावं, असा हुकूम निघाला.

जानेवारीत वालेर पहिल्यांदा दिवे वाटण्याच्या खिडकीशी उभा राहिला. प्रत्येक कामगाराचा दिवा त्याच्या नंबरच्या खुंटीवर टांगलेला असे. खाली जाताना न्यायचा, वर आल्यावर परत द्यायचा. खिडकीत सावेता काकू होती. म्हातारी विधवा, मागच्या उन्हाळ्यात कामाला लागलेली.

"नंबर?"

त्याने चिठ्ठी दिली. ती वाचून काकूने चष्मा वर केला.

"दोनशे बारा! अगं बाई, जिवंत आहेस होय! रोज खुंट्या मोजते आणि रोज तुझा दिवा जागच्या जागी. वर धूळ ही एवढी."

"मी फुटबॉल खेळायचो, काकू."

"मला काय ठाऊक बाबा? मी इथली नाही, पार ओल्तेनिया प्रांतातली. गेल्या सप्टेंबरात तुझ्या नंबरचा छापील कागद आला, बाहेरदेशी जायची चौकशी म्हणे, की हा कामगार नियमित खाली उतरतो का? मी खरं ते लिहिलं. एकदाही नाही म्हणून. माझ्या आधीची बाई म्हणे रोज तुझ्या नावापुढे खूण करायची. पण मला तसं कुणी सांगायला नको?"

काकूनेच दिव्याची कडी त्याच्या पट्ट्याला अडकवली.

खाली उतरणाऱ्या लोखंडी पिंजऱ्याच्या रांगेत इम्रे पुढेच उभा होता. वालेर लोकांना बाजूला सारत त्याच्यापर्यंत गेला.

"इम्री, ते लिहिणारा तू नव्हतास. दिवेवाली सावेता होती. मला वाटलं तू होतास. माफ कर मला."

इम्रेने सावकाश वळून त्याला पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं. मग आजूबाजूला कोण ऐकतंय तेही बघून घेतलं.

"काय लिहिलं? मला काही ठाऊक नाही," तो मुद्दाम मोठ्याने म्हणाला. मग आवाज उतरवून, "इतके महिने गप्प होतास. आज मला बोलतं करायला कुणी पाठवलं तुला?"

"कुणी नाही रे. आईची शपथ."

"मग झालं तर," इम्रे म्हणाला आणि पिंजऱ्यात शिरला. आत आणखी एका माणसाची जागा होती. त्याने खांदा आडवा करून ती अडवली.