काठीसारखी पड

"पडायचं तर काठीसारखी पड गं, गोळा होऊन नको," हे आमच्या बाईंचं पालुपद. बाई औषधांच्या कंपनीत पॅकिंगला होत्या. सुटल्या की थेट मुलुंडच्या आमच्या मैदानावर यायच्या, पदर खोचायच्या आणि आम्हा मुलींना कबड्डी शिकवायच्या. चढाईला गेलेलीचा पाय पकडला गेला, की तिने मध्यरेषेकडे लांब अंग झोकून हात टेकवायचा. त्या पडण्याला बाई 'दंडवत' म्हणत.

अर्थही त्यांनीच सांगितला. दंड म्हणजे काठी, दंडवत म्हणजे काठीसारखं आडवं होणं. मालवणकडच्या देवळात वडिलांना तसं पडताना त्यांनी पाहिलं होतं. पुढचं मात्र बाईंचं स्वतःचं: काठीसारखं पडायला आधी काठीसारखं ताठ उभं असावं लागतं, कायम वाकलेल्याच्या दंडवताला काय किंमत? हे कुठल्याही शब्दकोशात नाही, मी शोधलंय.

गिरण्यांचा संप फसून दोनेक वर्षं झाली होती. आमच्यातल्या कितीतरींचे वडील घरी बसलेले. अशा वेळी एका पुढाऱ्याची नजर आमच्या मैदानावर गेली. तुम्हीही असे पुढारी पाहिले असतील, मैदान दिसलं की यांना इमारतच दिसते. नेमका तोच आमच्या बक्षीस समारंभाचा पाहुणा. आम्ही जिंकलो होतो. करंडक हातात धरून तो माइकवरून हसत म्हणाला, पोरींनी आधी ओळीने पाया पडावं, मग मैदानाचं बघू. समोर बसलेल्या आमच्या आया खुणा करायला लागल्या, पडा गं पडा.

बाई स्टेजवर चढल्या. "साहेब, नमस्कार करतील त्या. दंडवत मात्र त्या रेषेला घालतात, तिच्यासाठी गुडघे फोडलेत त्यांनी. तुम्ही काय केलंत?"

महिन्याभरात मैदानाभोवती कुंपणाचे पत्रे लागले. बाईच्या ताठ्यापायी पोरींचं मैदान गेलं, असं सगळी चाळ म्हणाली, माझे वडीलसुद्धा. मला ते तेव्हाही पटलं नाही, आजही पटत नाही. वाकलो असतो तरी पत्रे लागलेच असते. फक्त त्या पत्र्यांबाहेर आम्ही वाकलेल्या उभ्या राहिलो असतो.

बाईंनी कुणाला समजावलं नाही. दारोदार जाऊन एवढंच सांगितलं, "उद्या संध्याकाळी सहाला. मिठागराच्या कडेला." निम्म्या मुलींना घरून सोडलंच नाही. मी भांडून गेले.

बाई जाऊन आता बरीच वर्षं झाली. मला त्या आठवतात त्या त्याच संध्याकाळच्या. जमीन दगडासारखी टणक. बाईंनी टाचेने रेषा ओढली. चढाईत दोघींनी माझा घोटा धरला, मी अंग झोकून दिलं आणि बोटं रेषेला लागली. कोपर सोललं, त्यात खारी माती गेली, डोळ्यांतून पाणी आलं. तशीच पालथी पडून मी वर पाहिलं. शाबासकी बाईंनी कधी कुणाला दिली नव्हती, तेव्हाही दिली नाही. त्या ताठ उभ्या होत्या आणि माझ्याकडे बघत त्यांनी दोन्ही हात जोडले होते.