रुद्रम्मांचे पेढे आणि रणधीरची मालिका

आमच्या कळंबच्या गल्लीतला रणधीर टीव्हीवरच्या विनोदी मालिका लिहितो. शाळेत असताना गॅदरिंगला नकला लिहून द्यायचा. पुढं आडतीवर बसवला, तर पोती सोडून हमालांच्या गप्पा टिपायचा. मुंबईत आठ वर्षं दुसऱ्यांच्या नावावर विनोद लिहिले. स्वतःची मालिका मिळाली, तसा पठ्ठ्या बिऱ्हाड गुंडाळून आईकडं परत. म्हणाला, "तिथं कुणी मनापासून भांडतच न्हाय, शांताक्का. लिहू काय?"

माल पुरवायला मी होतेच की!

होळीच्या आधी शेजारच्या रुद्रम्मांनी शुगरवाल्या नवऱ्यापासून, हणमंतप्पांपासून, पेढ्यांचा डबा कडब्यात लपवला. त्यांनी तो फस्त केला आणि आळ घेतला म्हशीवर. भिंतीआडून मी ऐकलं, ते रणधीरच्या कानात. पंधरा दिवसांत टीव्हीवर!

झालं. रणधीर दिसला की गल्ली मुकी. पार त्याच्या आईशी, मथुराबाईंशीही कुणी बोलेना. मालिकेतली माणसं बातम्या दिल्यासारखी बोलू लागली. चॅनेलच्या मॅडमनी फोनवर सांगितलं, "पुढचा भाग हसवणारा नसेल, तर आम्ही दुसरा लेखक बघू."

तेवढ्यात मथुराबाईंच्या कुरडया आल्या. आमच्यात एकीच्या कुरडयांना सगळ्यांनी जायचं, हा नेम. वर्षभराच्या गप्पा तिथंच निघतात. रणधीर त्यासाठीच सोऱ्या दाबायला बसतो. यंदा चुलीवर चीक शिजला, बाजेवर पातळ अंथरलं, आणि आले मी एकटी. चीक गार झाला की सोऱ्यातून उतरत नाही. मथुराबाई दाराकडं बघत होत्या, रणधीर जमिनीकडं.

आणि रुद्रम्मा आल्या. पदर खोचत म्हणाल्या, "अन्नावर राग न्हाय माझा. सरक."

"काकू, चुकलं माझं," रणधीर म्हणाला.

"चुकलंच! ती नटी काय म्हणली? 'खोटं बोलू नका!' असलं मिळमिळीत म्या कवा बोलले?"

"मग तुम्ही काय बोलला होता?"

"म्हणलं, म्हशीनं पेढं खाऊन डब्याला झाकण पण लावलं व्हय?"

मथुराबाईंच्या हातातला चिकाचा गोळा पातेल्यात पडला. मीही हसत होते, तर रुद्रम्मा माझ्याकडं वळल्या. "भिंतीआडून पुढचं ऐकू आलं न्हाय वाटतं, शांताक्का?"

हसणं ऐकून एकेक बाई आत आली. रणधीर चिकट हातांनीच वही शोधू लागला. रुद्रम्मांनी अट घातली, "धाडायच्या आधी मला वाचून दाखवायचं. म्या हसले, तरच धाडायचं."

तो भाग गेला, मॅडमचा फोन आला, रणधीर टिकला.

परवा मालिकेत भिंतीला कान लावणारी एक शेजारीण आली. माझ्यासारखंच लुगडं, माझ्यासारखाच चष्मा. काल रुद्रम्मांच्या कुरडया होत्या, तिथं विचारलंच, "हे कुणी सांगितलं त्याला?"

"चीक गरम हाय," रुद्रम्मा म्हणाल्या, "दाबा लवकर."