मिठावरची सावली

मी सिनेमात काय करतो, हे आईला समजावून सांगता सांगता माझे केस पिकले. "कॅमेरा मी चालवतो गं," असं म्हटलं की तिचा प्रश्न तयार, "व्हय, पण तू दिसतोस कुठं?"

माझा पहिला सिनेमा टीव्हीवर लागला तेव्हा तिनं रोह्यातल्या आमच्या चाळीतल्या बायका गोळा केल्या. चहा केला, पापड तळले. गर्दीचा प्रसंग आला की ती पुढे सरकून मला शोधायची. शेवटी नावं येतील तेवढ्यात वाहिनीवाल्यांनी साबणाची जाहिरात लावली. शेजारची काकी म्हणाली, "गो, तुझ्या पोराला कापला वाटतं." आई महिनाभर तिच्याशी धड बोलली नाही. पुढे दर सिनेमाला काकी तेच म्हणायची, आणि आईचा चेहरा उतरायचा. मला फार वाईट वाटायचं, आणि म्हणून मी चिडायचो.

एकदा म्हटलं, "स्वयंपाक करणारी ताटात दिसते का?"

"ताटात नाय दिसत. पण वाढायला तरी बाहेर येते ना?"



कथेच्या सिनेमात आमचा रुबाब असतो. ऊन नको असेल तर कापड ताणायचं, हवं असेल तर दिवे लावायचे. माहितीपटात मात्र आपण माणसांच्या मागे पळायचं. एका प्रकारच्या सिनेमाचा कंटाळा आला की मी दुसऱ्याकडे वळतो. असाच एक माहितीपट पेणजवळ, खाडीकाठी, आईच्या माहेरच्या मिठागरावर केला.

फ्रेममध्ये आपली सावली येऊ द्यायची नाही, हा आमच्या धंद्यातला पहिला धडा. हाताखालच्यांना मी त्यावरून काय काय बोललोय! त्या दिवशी उन्हं कलली होती. मीठ ओढता ओढता माझी मामी अचानक मिठाची टोपली उचलून बांधावरून चालू लागली. मी कॅमेरा खांद्यावर घेऊन मागे धावलो, तर माझी लांबलचक सावली पांढऱ्या मिठावर तिच्याआधी पोचली.

"मामी, परत एकदा चाला ना."

"आनि मीठ काय परत पान्यात टाकू?"

दिग्दर्शिका म्हणाली, "राहू दे, छान आहे." मी चरफडलो, पण शॉट राहिला.

माहितीपट पहिल्यांदा दाखवला तो त्याच गावात, देवळासमोर चादर बांधून. आई रोह्याहून गाडीनं आली, सोबत हट्टानं काकीला घेऊन. मी मागे प्रोजेक्टरपाशी होतो. तो शॉट आला तशी मी लाजेनं मान खाली घातली.

"थांबव रे! तो बघ माझा पोऱ्या!"

आईचा आवाज. मी घाबरून चित्र थांबवलं.

काकी म्हणाली, "गो, सावली हाय ती. कुनाची पन आसंल."

"कुनाची पन कशी? खांदा बघ. दप्तर घेऊन पन असाच एक खांदा पाडून चालायचा."

ती उठली. मागून लोक "बसा, बसा" ओरडत होते, पण ती सरळ चादरीपाशी गेली आणि माझ्या सावलीच्या खांद्यावर हात ठेवला. प्रोजेक्टरचा उजेड तिच्यावर पडला आणि तिची बुटकी सावली मिठावर माझ्या शेजारी उभी राहिली. ती वळली. उजेडामुळे तिला मी दिसत नव्हतो, तरी माझ्याच दिशेला बघून हसत होती.

"दिसला गो," ती काकीला म्हणाली.

घरातले सगळे फोटो मीच काढलेले, त्यामुळे आम्हा दोघांचा एकत्र असा एकही नाही. लोक पुढचं लावा म्हणून ओरडत होते. मी कितीतरी वेळ बटण दाबलंच नाही.